थपडेपलीकडच्या ललिता पवार

ललिता पवार यांचं नाव काढलं की बहुतेकांना एकच गोष्ट आठवते. साल १९४२, चित्रपट 'जंग-ए-आझादी'. प्रसंगात थप्पड मारायची होती. मास्टर भगवान यांचा हात जोरात बसला, अर्धा चेहरा लुळा पडला आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. देखण्या नायिकेची कारकीर्द तिथं संपली आणि हिंदी पडद्याला त्याची सर्वांत खाष्ट सासू मिळाली. मृत्युलेख असो, जयंतीचं स्मरण असो की मोबाइलवर फिरणारी दीड मिनिटाची चित्रफीत असो, गोष्ट हीच आणि घटनांचा क्रमही हाच.

गोष्ट घडलेली आहे, त्याबद्दल वाद नाही. माझा वाद आहे तो आपण तिच्याकडून काय काम करून घेतो, याच्याशी. एक थप्पड पुढच्या चार दशकांच्या अभिनयाचं कारण म्हणून उभी केली जाते. बाईनं काय केलं ते सांगायचं सोडून बाईच्या बाबतीत काय झालं ते सांगून आपण मोकळे होतो. त्यांच्या चित्रपटांचा आकडा सातशेच्या वर सांगितला जातो, आणि तो सांगणाऱ्यानं त्यातले दहासुद्धा नीट पाहिलेले नसतात. पुरुषांच्या बाबतीत आपण असं करत नाही. त्याच १९४२ सालच्या 'खानदान'मध्ये प्राण नूरजहाँसमोर नायक होते. पुढं ते खलनायक झाले. का झाले, याचं उत्तर शोधायला कुणी अपघात धुंडाळत नाही. त्यांनी तो रस्ता धरला आणि गाजवला, एवढं आपल्याला पुरतं.

ललिताबाईंनाही एवढंच पुरायला हवं होतं. त्यांच्या चरित्र भूमिका म्हणजे नायिकापद गेल्यावर पदरात पडलेला उरलासुरला वाटा नव्हे. त्या काळच्या नायिकेला क्वचितच मिळायचं असं काम त्यांत होतं, आणि ललिताबाईंनी ते जाणतेपणानं केलं. चेहरा घराघरात ओळखीचा आणि कारकीर्द मात्र कुणालाच ठाऊक नाही, अशी स्थिती झाली याला कारण आहे आपली आठवण ठेवण्याची पद्धत. अपघाताकडं बोट दाखवून ते झाकता येणार नाही.

ललिताबाईंची गोष्ट नाशिक जिल्ह्याची आहे, म्हणून थोडं मागं जायला हवं. त्र्यंबकेश्वरात जन्मलेले दादासाहेब फाळके 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लावून त्याच वर्षी नाशिकला मुक्कामाला आले. त्या पहिल्या चित्रपटात काम करायला बाई मिळाली नव्हती आणि तारामती झाले होते अण्णा साळुंके. नाशिकमध्ये घेतलेल्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र दोन स्त्रिया पडद्यावर आल्या. नाटक मंडळींतल्या दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची तेरा वर्षांची मुलगी कमला मोहिनी झाली. मुलगी नायिका, आई दुय्यम भूमिकेत. पुढं कमलाबाई गोखले म्हणून मुलीचं नाव झालं, भारतीय पडद्यावरची पहिली नायिका म्हणून त्यांचा मान झाला, रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपटही केला. दुर्गाबाईंची ओळख 'कमलाबाईंच्या आई' एवढीच राहिली. वास्तविक नवऱ्यापासून वेगळं झाल्यावर मुलीला घेऊन नाटक कंपनीत शिरण्याचं धाडस आईचं. ज्या काळात नटी म्हणजे बदनाम बाई असा समज होता, त्या काळात कॅमेऱ्यासमोर उभं राहण्याचा निर्णयही तिचाच. भारतीय पडद्यावरची पहिली चरित्र अभिनेत्री शोधायची तर ती नाशिकमध्ये सापडते, आणि पहिल्याच फेरीत ती विसरली जाते. पुढच्या शंभर वर्षांचा शिरस्ता तिथंच पडला, असं म्हणायला हरकत नाही.

'मोहिनी भस्मासुर'नंतर तीन वर्षांनी, १९१६ मध्ये, नाशिकच्या पूर्वेला येवल्यात अंबिकेचा, म्हणजे पुढच्या ललिता पवारांचा, जन्म झाला. वडील लक्ष्मणराव सगुण. येवला म्हटलं की मराठी माणसाला पैठणी आठवते, तात्या टोपे आठवतात आणि १३ ऑक्टोबर १९३५ ची डॉ. आंबेडकरांची धर्मांतराची घोषणा आठवते. ललिता पवार सहसा आठवत नाहीत. अंबिका लहानपणीच पुण्याला गेली आणि सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत 'अंबू' या नावानं बालभूमिका करू लागली. हे १९२८ च्या आसपासचं. मूकपटांची ती शेवटची वर्षं. पुढच्या काही वर्षांत अंबू नायिका झाली, आणि तीही नाजूक लाजरी नायिका नव्हे. तिनं स्टंटपट केले. दिग्दर्शक गणपतराव पवार यांच्याशी तिचं लग्न झालं आणि त्यांच्याबरोबर तिनं चित्रपटांमागून चित्रपट केले. 'हिम्मत-ए-मर्दा' हा १९३५ चा बोलपट त्याच परंपरेतला.

पण या काळातली दोन कामं अशी आहेत की ती नीट ठाऊक असती तर थपडेच्या गोष्टीचा डौल आपोआप कमी झाला असता. १९३२ मध्ये 'कैलास' हा मूकपट आला. त्याच्या निर्मितीत ललिताबाई भागीदार होत्या. तेव्हा त्या सोळा वर्षांच्या होत्या. १९३८ मध्ये त्यांनी 'दुनिया क्या है' काढला, आणि त्यासाठी कथा निवडली टॉलस्टॉयच्या 'पुनरुत्थान'ची. प्रतिष्ठित पुरुषानं नादी लावलेली आणि मग समाजानं गुन्हेगार ठरवलेली मुलगी, न्यायालयात ज्युरीत बसलेला तोच पुरुष, आणि त्याला उशिरा आलेली जाग, असा त्या कादंबरीचा गाभा. बाविसाव्या वर्षी हातात निर्मितीची सूत्रं असताना एखादी लोकप्रिय नटी स्वतःसाठी गोड प्रेमकथा काढू शकली असती. हिनं फसवली गेलेली, चिडलेली, कठोर होत गेलेली बाई निवडली. कठोर झालेल्या बाईविषयीचं कुतूहल १९४२ च्या थपडेनं दिलेलं नव्हतं. ते चार वर्षं आधीच पडद्यावर आलं होतं.

आता त्या थपडेनंतरचं साल पाहू. गोष्टीत सांगतात की तीन वर्षं उपचारांत गेली आणि मग नाइलाजानं त्यांनी चरित्र भूमिका घ्यायला सुरुवात केली. परंतु प्रभातचा 'रामशास्त्री' १९४४ मध्ये प्रदर्शित झाला आणि त्यात आनंदीबाई आहेत ललिता पवार. प्रभातचा ऐतिहासिक चित्रपट काही आठवड्यांत उरकला जात नसे. म्हणजे अपघातानंतर फार तर वर्ष-दीड वर्षात ही बाई त्या काळच्या मराठीतल्या सर्वांत प्रतिष्ठित संस्थेच्या सेटवर उभी होती, समोर रामशास्त्र्यांच्या भूमिकेत आणि दिग्दर्शकाच्या खुर्चीत गजानन जागीरदार होते, आणि भूमिका होती मराठी इतिहासातल्या सर्वांत दुष्ट ठरवलेल्या स्त्रीची. 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई. नाशिककरांना ही बाई परकी नाही. गंगापूर रस्त्यावरची आनंदवल्ली तिच्याच नावाची. राघोबादादा आणि आनंदीबाई तिथं गोदाकाठी राहिले होते.

'रामशास्त्री' आज पाहताना लक्ष जातं ते डोळ्याकडं नव्हे, स्वराकडं. ललिताबाई आवाज चढवत नाहीत. नवरा डळमळतो तिथं त्या स्थिर राहतात, आणि त्या स्थिरपणाचीच भीती वाटते. अभिनय शिकवणाऱ्यानं हे दाखवावं: दुष्टपणा ओरडून दाखवला की प्रेक्षक निर्धास्त होतो, शांतपणे दाखवला की अस्वस्थ होतो. लुळ्या पडलेल्या चेहऱ्यामुळं ही भूमिका मिळाली, असं म्हणणं म्हणजे प्रभातला खलनायिका शोधायला अधू डोळा पुरेसा वाटला, असं म्हणण्यासारखं आहे. प्रभातमध्ये असलं काही चालत नसे.

डोळ्याचा त्यांनी वापर केला, हे मात्र खरं. पुढच्या काळात सासूच्या भूमिकेत एक डोळा बारीक करून, मान किंचित तिरपी करून बघणं ही त्यांची खूण झाली. पण खूण म्हणजे अभिनय नव्हे. अभिनय कुठं आहे ते बघायचं तर जिथं ही खूण जवळजवळ नाहीच, असे चित्रपट घ्यावेत. 'श्री ४२०' (१९५५) मधली केळी विकणारी गंगामाई घ्या. मुंबईत नव्यानं आलेला राज तिच्याशी केळ्यांच्या भावावरून हुज्जत घालतो. ती त्याला झाडते आणि त्याच झाडण्यात त्याला जवळही करते. पदपथावर राहणाऱ्यांचं गाव या शहरात आहे आणि तिथं आपलं कुणीतरी होऊ शकतं, हे प्रेक्षकाला पटतं ते नर्गिसच्या आधी गंगामाईमुळं. 'अनाडी' (१९५९) मधली मिसेस डिसा तर त्याही पुढची. ख्रिस्ती घरमालकीण, भाड्यासाठी वरवर करवादणारी आणि आतून भाडेकरूच्या पोटाची काळजी करणारी. हृषीकेश मुखर्जींच्या या चित्रपटात राज कपूर आणि नूतनचं प्रेम आहे, शंकर-जयकिशनची गाणी आहेत, पण कथेची कळ आहे मिसेस डिसाच्या मरणात. भेसळीचं औषध घेऊन ती मरते आणि त्या औषधाच्या कंपनीचा मालक कोण, या प्रश्नावर नायकाचं भोळेपण तुटतं. ती बाई प्रेक्षकाला खरी वाटली नसती तर तिचं मरण नुसतं कथानकातलं निमित्त झालं असतं. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचा सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. ज्या वर्षी त्या कजाग म्हणून देशभर प्रसिद्ध होत्या, त्या वर्षी पारितोषिक मिळालं ते मायेला.

त्याच १९५९ मध्ये बिमल रॉय यांचा 'सुजाता' आला. माझ्या मते ललिताबाईंच्या कामाचं खरं मोजमाप करायचं तर इथं. या चित्रपटात मराठी स्त्रियांची अशी गर्दी आहे की त्यावर वेगळा लेख व्हावा: नूतन, सुलोचना, शशिकला आणि ललिता पवार. अस्पृश्य मजुराची अनाथ तान्ही पोर एका इंजिनिअरच्या घरात वाढते. घरचे लोक भले आहेत. सुलोचनाबाईंनी केलेली चारू मायाळू आहे, पोरीला तिनं टाकलेलं नाही. पण ओळख करून देताना ती स्वतःच्या लेकीला 'आमची मुलगी' म्हणते आणि सुजाताला 'मुलीसारखी'. त्या घरात जातीबद्दल उघडपणे बोलणारी एकच व्यक्ती आहे, ती म्हणजे ललिताबाईंनी केलेली आत्याबाई. ती पोर घरात ठेवायला विरोध करते, तिच्या लग्नाची घाई करते, विटाळ मानते आणि ते लपवत नाही. प्रेक्षक तिचा राग करतो. राग करता करता, चित्रपट अर्ध्यावर आला की, त्याच्या लक्षात येऊ लागतं की आत्याबाई जे मोठ्यानं बोलते तेच चारू मनात बाळगते. चांगुलपणाच्या आत काय दडलेलं आहे ते उघडं पाडायला या चित्रपटाला आत्याबाई हवी होती. ती कार्टूनसारखी केली असती तर चारू सुटली असती, आणि प्रेक्षकही सुटला असता. ललिताबाई तिला श्रद्धाळू, घरंदाज, आपल्या मतावर मनापासून विश्वास असलेली बाई करतात. अशा बाया आपण सगळ्यांनी पाहिल्या आहेत, बऱ्याचदा आपल्याच घरात.

अस्पृश्यांच्या मंदिरप्रवेशासाठी नाशिकच्या काळाराम मंदिराचा सत्याग्रह २ मार्च १९३० ला सुरू झाला आणि पुढं पाच वर्षं चालला. त्यानंतरची धर्मांतराची घोषणा झाली ती येवल्यात, ललिताबाईंच्या जन्मगावी. त्या तेव्हा गावात नव्हत्या, चित्रपटांत होत्या, आणि या दोन गोष्टींचा ओढूनताणून संबंध जोडायला मी तयार नाही. एवढंच म्हणेन, की अशा जिल्ह्यात जन्मलेल्या नटीला ही आत्याबाई कुठून आणावी असा प्रश्न पडला नसेल.

१९६१ हे एकच वर्ष घेतलं तरी त्यांचा पल्ला दिसतो. 'जंगली'मध्ये घरात हसायलाही बंदी घालणारी श्रीमंत आई. 'हम दोनो'मध्ये मुलाची वाट पाहणारी मेजरची आई, आणि तिथं त्या इतक्या मवाळ की 'जंगली' पाहून आलेल्याला ओळखू येऊ नयेत. 'संपूर्ण रामायण'मध्ये मंथरा. आणि हृषीकेश मुखर्जींच्या 'मेमदीदी'त चक्क शीर्षक भूमिका, डेव्हिड आणि जयंत यांच्यासारखे दोघं गल्लीतले दांडगट जिच्यापुढं नरमतात ती बाई. त्याच वर्षी संगीत नाटक अकादमीनं त्यांचा सन्मान केला. पुढच्या वर्षी 'प्रोफेसर' आला आणि त्यात त्यांनी आपल्याच प्रतिमेची टर उडवली. भाच्यांवर करडी नजर ठेवणारी कडक सीतादेवी, म्हाताऱ्या प्रोफेसराचं सोंग घेऊन आलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते आणि हळूहळू नटायला मुरडायला लागते. हा प्रकार सहज थिल्लर झाला असता. ललिताबाई तिथं हसू येऊ देतात, पण त्या बाईच्या आयुष्यात इतकी वर्षं कुणी तिच्याकडं पाहिलंच नव्हतं, हेही कळू देतात. थट्टेच्या प्रसंगात एकाकीपण दाखवायला नायिकेची नव्हे, पिकलेल्या नटीची गरज लागते. 'आनंद' (१९७१) मधली मेट्रन डिसा तर पडद्यावर असते थोडाच वेळ. पण रुग्णाला दटावत दटावत त्याच्यात गुंतत जाणारी ती बाई काढून टाकली, तर आनंदचं बोलकेपण ऐकणारं इस्पितळात कोण उरलं असतं?

मी इथवर ललिताबाईंची बाजू मांडली. दुसरी बाजूही आहे, आणि ती टाळणं अप्रामाणिकपणाचं होईल. १९५० च्या व्ही. शांताराम यांच्या 'दहेज'पासून १९८० च्या 'सौ दिन सास के'पर्यंत त्यांनी जी सासू उभी केली, तिनं या समाजाचं काही भलं केलं असं मला वाटत नाही. हुंडा हा पैशाचा, वारशाचा आणि पुरुषांच्या बाजारभावाचा व्यवहार आहे. पडद्यावर तो एका लोभी बाईचा स्वभाव झाला. घरातले पुरुष बिचारे, दुबळे किंवा गैरहजर, आणि छळाचा सगळा हिशेब सासूच्या नावावर. प्रेक्षक चित्रपटगृहातून बाहेर पडताना एका बाईचा द्वेष घेऊन जात असे, व्यवस्थेचा नव्हे. आजच्या मालिकांमधल्या सासवा याच घराण्यातल्या. ललिताबाई ते काम इतकं बिनचूक करायच्या, की खोटं चित्र खरं वाटू लागलं. नटीची ताकद जितकी मोठी, तितकं तिच्या वाट्याला आलेल्या खोट्या कल्पनेचं नुकसानही मोठं. यात लेखक, निर्माते, दिग्दर्शक यांचा दोष अधिक, हे उघड आहे. तरी ज्या बाईनं बाविसाव्या वर्षी टॉलस्टॉय निवडला तिला हे कळत नव्हतं असं मानणं म्हणजे तिला भोळी ठरवणं आहे. पोट, सवय आणि धंदा यांनी कलावंताला वाकवलं, असं मी म्हणेन. मोठ्या कारकिर्दीत असं होतं. तेही मोजावं, झाकू नये.

म्हणूनच मला मंथरा महत्त्वाची वाटते. रामानंद सागर यांच्या 'रामायण'मध्ये, १९८७ मध्ये, सत्तरीच्या ललिताबाईंनी ती पुन्हा केली, पहिल्या वेळेनंतर जवळजवळ पंचवीस वर्षांनी. रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे तो हा काळ. मंथरा म्हणजे दासी. राजघराण्यात तिला काही मिळायचं नाही, राज्य भरताला मिळो की रामाला. तरी ती कैकेयीचे कान भरते, आणि राम वनवासाला निघून आमच्या पंचवटीत येतो. पंचवटीतल्या सीतागुंफेपुढं रांगेत उभे राहणारे यात्रेकरू तिथं आले आहेत ते एका अर्थानं मंथरेमुळं. ललिताबाईंची दूरदर्शनवरची मंथरा कुबडी आहे, कपटी आहे, आणि तिच्या कैकेयीवरच्या मायेत खोट नाही. तिला धाक आहे तो आपल्या पोरीचं राजवाड्यातलं स्थान जाईल याचा. ही मंथरा बघितली की 'दहेज'ची सासू किती एकसुरी लिहिली गेली होती ते कळतं. नटी तीच. लिखाणात जागा मिळाली की तिनं ती भरली.

आता आपल्या संस्थांबद्दल. फिल्मफेअरनं सहाय्यक अभिनेत्रीचा पुरस्कार १९५५ मध्ये सुरू केला, आणि पहिला मान 'बादबान'साठी मराठमोळ्या उषाकिरण यांना मिळाला. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांना हा विभाग सुचायला १९८४ सालचे चित्रपट यावे लागले. तो पहिला पुरस्कार 'पार्टी'साठी रोहिणी हट्टंगडी यांना मिळाला. म्हणजे स्वतंत्र भारताच्या सरकारला पहिली जवळजवळ चार दशकं असं वाटत होतं की चित्रपटात बायकांचं मोलाचं काम नायिकाच करते. ललिता पवार, दुर्गा खोटे, लीला चिटणीस, सुलोचना, लीला मिश्रा यांची उमेदीची वर्षं त्याच चार दशकांतली. यांतल्या दुर्गाबाई खोटे यांना दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, तोही मुख्यतः पहिल्या पिढीतली घरंदाज नायिका म्हणून. प्राण यांना तो २०१२ सालासाठी मिळाला, आणि अगदी योग्य मिळाला. ललिताबाईंना मिळाला नाही. पुरस्कार १९६९ सालापासून दिला जात होता आणि त्या १९९८ पर्यंत हयात होत्या. नाशिकच्या माणसाच्या नावाचा पुरस्कार नाशिक जिल्ह्याच्या लेकीला द्यायला एकोणतीस वर्षं हाताशी होती. याचं समर्थन कसं करायचं ते मला सुचत नाही.

थपडेची गोष्ट इतकी का पसरली, याचं एक साधं कारण मला दिसतं. तिच्या आधीचं काही पाहताच येत नाही. मूकपटांच्या काळात आपल्याकडं हजाराहून अधिक चित्रपट निघाले. त्यांतले फार थोडे उरले आहेत आणि त्यांपैकी बरेचसे तुकड्यांत. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात स्थापन झालं ते १९६४ मध्ये, तोवर बहुतेक रिळं कुजून, जळून किंवा चांदीसाठी वितळवून गेली होती. पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबीयांकडून मिळालेली रिळं जपली म्हणून 'राजा हरिश्चंद्र' आणि 'कालिया मर्दन'चा काही भाग आपल्याला दिसतो. अंबूच्या स्टंटपटांसाठी असं कुणी धावलं नाही. फाळक्यांचं नाव मोठं होतं. स्टंटपट म्हणजे हलका माल मानला जाई, आणि त्यातली नटी तर मोजदादीतच नव्हती. २००३ च्या जानेवारीत पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या गोदामाला आग लागली तेव्हा जुन्या नायट्रेट रिळांचा आणखी एक साठा गेला. कारकिर्दीचा पहिला अर्धा भाग दिसेनासा झाला की दुसऱ्या अर्ध्याला कारण म्हणून एखादा अपघात चिकटवणं सोपं होतं.

ललिताबाई २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात गेल्या. त्याच वर्षी मे महिन्यात कमलाबाई गोखलेही गेल्या. नाशिकला पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. सहलीला येणाऱ्या शाळेच्या मुलांना तिथं फाळक्यांची माहिती मिळते, आणि ती मिळायलाच हवी. त्यांच्या शेजारी दुर्गाबाई कामत आणि ललिता पवार यांच्यासाठी एक भिंत द्यायला महापालिकेला फार खर्च येणार नाही. येवल्यात पैठणी घ्यायला दरवर्षी हजारो लोक येतात. गावात एखाद्या सभागृहाला त्यांचं नाव देऊन वर्षातून एकदा त्यांचे तीन-चार चित्रपट दाखवता येतील: 'रामशास्त्री', 'सुजाता', 'अनाडी', 'प्रोफेसर', आणि याच क्रमानं. ते पाहून झाल्यावर ज्यांना थपडेची गोष्ट सांगायची असेल त्यांनी खुशाल सांगावी.

आणि एक विनंती, नाशिक, येवला, सिन्नर, मालेगाव, मनमाड इथल्या जुन्या घरांना. १९२८ ते १९४२ या काळातल्या चित्रपटांच्या जाहिरातींच्या पुस्तिका, गाण्यांची चोपडी, तिकिटांचे तुकडे, चित्रपट साप्ताहिकांचे अंक माळ्यावर किंवा ट्रंकेत सापडले तर रद्दीत घालू नका. 'अंबू' किंवा 'ललिता' हे नाव त्यावर असेल तर अजिबातच नको. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा, किंवा निदान त्याचे फोटो काढून जवळच्या सार्वजनिक वाचनालयात द्या. रिळं परत येणार नाहीत, पण कोणत्या वर्षी तिनं काय केलं ते अजूनही कागदावरून जुळवता येईल.